आकारावरून नको, भोकांवरून वर्ग पाडा

कथेतल्या मंत्रचिन्हांचे, म्हणजे जादू घडवणाऱ्या खुणांचे, आकारावरून वर्तुळ, त्रिकोण, नागमोडी असे वर्ग पाडावेत, असं इथे कुणीतरी सुचवलंय. कल्पना सुटसुटीत आहे, पण मला पटली नाही. मी सोलापूरचा, त्यामुळे डोक्यात आधी चादरच येते. जकार्ड म्हणजे पुठ्ठ्यांच्या भोकांवरून नक्षी विणणारा माग. त्याच्या पारंपरिक पद्धतीत नक्षी आधी चौकटीच्या कागदावर रंगवतात, मग पुठ्ठ्यांना भोकं पाडतात. भोक असेल तिथला ताण्याचा (उभा) धागा उचलला जातो. आपल्याला मोर दिसतो, मागाला फक्त भोकं कळतात! म्हणून चिन्ह कुठला 'धागा' उचलतं, म्हणजे काय परिणाम घडवतं, त्यावरून वर्ग ठरवा. आणि चादर उलटली की तीच नक्षी रंगांची अदलाबदल होऊन दिसते. तसं उलटं चिन्ह वेगळ्या वर्गात टाकू नका, एकाच नोंदीत दोन्ही परिणाम लिहा. रांगोळीसारखी पुसली जाणारी चिन्हं मात्र निराळी काढावीच लागतील.