डेव्हिड अ‍ॅलनला 'टाइम मॅनेजमेंटवाला' म्हणून उडवून लावणं पटत नाही

अर्धविराम

परवा एका ग्रुपवर प्रॉडक्टिव्हिटीच्या पुस्तकांचा विषय निघाला आणि तिथे डेव्हिड अ‍ॅलन या अमेरिकन लेखक-कन्सल्टंटला सरसकट मोटिव्हेशनवाल्यांच्या पंगतीत बसवलं गेलं. म्हणजे लोकांना वेळ कसा वापरायचा ते सांगून स्वतः पैसा करणारा माणूस, विषय संपला. मला हे अजिबात पटलं नाही म्हणून वेगळा धागा काढतोय, विरोधात बोलणाऱ्यांनीही मोकळेपणाने बोला.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. जन्म १९४५ चा, लहानपण लुइझियानातल्या श्रीव्हपोर्टमध्ये गेलं. फ्लोरिडाच्या न्यू कॉलेजमध्ये शिकला, मग बर्कलीला अमेरिकन इतिहासात पुढचं शिक्षण घ्यायला गेला आणि ते अर्ध्यावर सोडलं. त्यानंतर जादूचे प्रयोग, वेटरचं काम, कराटे शिकवणं, बागकाम, ट्रॅव्हल एजंट, मोपेड विकणं, काय वाट्टेल ते. पस्तिशीच्या आत पस्तीस धंदे करून झाले असं तो स्वतःच सांगतो. मग ओळखीपाळखीच्या लोकांचे छोटे व्यवसाय मार्गी लावून देता देता कन्सल्टंट झाला, ऐंशीच्या दशकात लॉकहीड या विमानं बनवणाऱ्या कंपनीने मॅनेजर लोकांसाठी ट्रेनिंग करायला बोलावलं आणि तिथून पुढची कितीतरी वर्षं हा माणूस लोकांच्या शेजारी खुर्ची टाकून त्यांचं टेबल, ड्रॉवर, डोक्यातली कामं असं सगळं एकेक करून उपसत बसला. 'गेटिंग थिंग्ज डन' हे पुस्तक आलं २००१ साली, तेव्हा त्याचं वय पंचावन्न. आधी काम केलं, मग लिहिलं. हा क्रम मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण आज बरोब्बर उलटं चाललंय, आधी पुस्तक आणि रील्स, मग अनुभव.

आता तो सांगतो काय. डोकं हे विचार सुचण्यासाठी आहे, साठवण्यासाठी नाही, म्हणून जे जे मनात अडकलंय ते सगळं बाहेर कागदावर काढा आणि प्रत्येकाची पुढची कृती ठरवा, अशी कृती जी हातापायांनी करता येते. ऐकायला फार साधं आहे पण करून बघा. माझ्या यादीत कित्येक महिने 'बाबांची पेन्शन' असं लिहिलेलं होतं, ते वाचलं की पोटात गोळा यायचा आणि मी पुढे सरकायचो. मग बसून विचारलं, पेन्शनचं काय? हयातीचा दाखला द्यायचाय. तो का अडलाय? ऑनलाइन करायला गेलो तर ओटीपी बाबांच्या जुन्या नंबरवर जातोय. ते सिम कुणाकडे? बहुतेक दादाकडे. म्हणजे पुढची कृती 'पेन्शन' नाहीच, 'दादाला फोन करून सिमचं विचारणं' ही आहे. आणि दोन मिनिटांच्या आत होणारं काम असेल तर यादीत लिहायचंच नाही, लगेच करून मोकळं व्हायचं, हा त्याचा दुसरा नियम. फोन केला, सिम मिळालं. हे मला कुठल्याच पहाटे पाचला उठा सांगणाऱ्याने दिलं नव्हतं.

नदीकाठ

तुझा अनुभव खरा असेल, त्याबद्दल वाद नाही. पण तू माणसाच्या करिअरबद्दल बोलतोयस ना, मग ते करिअर कुणाच्या पैशावर उभं राहिलं तेही बघ. सुरुवात लॉकहीडपासून, पुढे सगळे मोठ्या कंपन्यांचे मॅनेजर आणि साहेब लोक. ज्याच्या केबिनला दार आहे, ज्याला दोन तास फोन बंद ठेवून यादी करता येते, जो एखादं काम 'नको' म्हणू शकतो, अशा माणसाच्या शेजारी बसून ही पद्धत घडलीय. मग तीच पद्धत कॉल सेंटरच्या पोराला आणि दिवसाला दीडशे मेल खाणाऱ्या टीम लीडला विकली गेली.

कॅल न्यूपोर्ट या लेखकाने २०२० मध्ये न्यूयॉर्कर साप्ताहिकात नेमकं यावरच लिहिलं होतं. त्याचं म्हणणं असं की ऑफिसातलं काम कसं वाटायचं, किती वाटायचं, हे कंपनीने ठरवायला हवं होतं, ते कुणी ठरवलंच नाही आणि सगळा भार एकेकट्या माणसावर ढकलला, आता तू तुझी सिस्टिम लाव आणि तग धर. अ‍ॅलन याला जबाबदार आहे असं मी म्हणत नाही, पण त्याने या व्यवस्थेला कधी प्रश्न विचारला नाही, तिच्यात कसं टिकायचं ते शिकवलं आणि त्याचे सेमिनार त्याच कंपन्यांनी विकत घेतले. कंपनीला हे स्वस्तच पडतं की. दोन माणसं जास्त घेण्यापेक्षा एक दिवसाचं ट्रेनिंग ठेवा.

आणि मर्लिन मान या अमेरिकन ब्लॉगरचं काय झालं ते आठव. अ‍ॅलनच्याच कल्पनेवरून त्याने २००४ मध्ये 'फॉर्टीथ्री फोल्डर्स' ब्लॉग काढला, महिन्याचे एकतीस दिवस आणि वर्षाचे बारा महिने असे त्रेचाळीस फोल्डर, त्यावरून नाव. मेलचा इनबॉक्स उपसून मोकळं व्हायचं, ते 'इनबॉक्स झीरो' त्यानेच गाजवलं, २००७ ला गूगलमध्ये त्यावर भाषण दिलं, पुस्तकाचा करार झाला. आणि २०११ मध्ये त्याच माणसाने लिहिलं की हे पुस्तक लिहिण्याच्या नादात मुलीजवळ असायचं तेच राहून जातंय. पुस्तक आलंच नाही. या क्षेत्रातला मला सगळ्यात प्रामाणिक वाटलेला क्षण तोच आहे.

तिसरी_पाळी

मी स्टाफ नर्स आहे, मेडिसिन वॉर्ड. अर्धविराम, तुमचं पेन्शनचं उदाहरण वाचून बरं वाटलं पण आमच्याकडे पुढची कृती आम्ही ठरवत नाही हो, पेशंट ठरवतो. मी आठ नंबरची सलाइन बदलायला निघाले की अकरा नंबरचे नातेवाईक धावत येतात, तिकडे गेले की डॉक्टर राउंडला आलेले असतात. दोन मिनिटांत होणारं लगेच करा म्हणे! आमचं प्रत्येक काम दोन मिनिटांचंच असतं, आणि अशी चाळीस एकदम उभी असतात. तिथे दोन मिनिटांचा नियम लावला तर ज्याला ऑक्सिजन लागलाय तो मागे राहील आणि चादर बदलून होईल.

हॉस्पिटलने एकदा बाहेरून कुणी स्पीकर बोलावले होते, वेळेचं नियोजन याच विषयावर, नाइट करून आलेल्या आम्हा सगळ्यांना बसवून ठेवलं. मला त्या दिवशी झोप हवी होती. राग अ‍ॅलनवर नाही, पण हा विषय निघाला की मला तेच आठवतं.

बारनिशी

निवृत्त जिल्हा परिषद कर्मचारी. मी ते पुस्तक मुलाच्या आग्रहाने वाचलं आणि पहिल्या काही प्रकरणांतच त्याला म्हटलं, अरे हे तर आमचं दप्तर आहे.

आमच्याकडे सहा गठ्ठे पद्धत होती, आजही आहे. चालू प्रकरणं एका गठ्ठ्यात, प्रतीक्षाधीन दुसऱ्यात, मग नियतकालिकं म्हणजे ठराविक मुदतीने पाठवायची विवरणपत्रं, स्थायी आदेशांची संचिका, अभिलेख कक्षात पाठवायची प्रकरणं आणि शेवटी नाश करायचे कागद. प्रतीक्षाधीन म्हणजे ज्यात माझ्याकडून पत्र गेलंय, आता समोरच्या कार्यालयाचं उत्तर यायचंय. अ‍ॅलनची 'वाट बघतोय' नावाची यादी ती हीच. कार्यविवरण नोंदवहीत आलेला प्रत्येक कागद चढवायचा आणि दर आठवड्याला गोषवारा काढायचा, किती आले, किती निकाली निघाले, किती शिल्लक. तो ज्याला साप्ताहिक आढावा म्हणतो आणि ज्यावाचून सगळी पद्धत कोसळते म्हणतो, तो आम्हाला सक्तीचा होता. माझे पहिले हेडक्लार्क शनिवारी गोषवारा बघितल्याशिवाय घरी सोडत नसत.

तो तिकडे लॉकहीडमध्ये शिकवत होता त्याच दशकात आपल्या नगरला कलेक्टर अनिलकुमार लखिना यांनी अख्खं कार्यालय बदलून दाखवलं. टेबलं कशी लावायची, दप्तर कसं ठेवायचं, आलेल्या माणसाला कुठे बसवायचं इथपर्यंत. लखिना पॅटर्न म्हणून तो राज्याबाहेरही माहीत झाला. आता सांगा, नोकरशाहीत नाव घेतलं जातं पण बाहेर किती जणांना लखिना ठाऊक आहेत? म्हणून माझं मत असं की अ‍ॅलनचं करिअर हे नवीन शोधाचं करिअर नाही. जे चांगल्या कारकुनाला येत होतं ते त्याने साहेबाला शिकवलं, आणि साहेबाकडे पैसे होते.

अर्धविराम

बारनिशी काका, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. पण मला वाटतं तुम्ही माझ्याच बाजूने बोललात. कारकुनाला हे येत होतं कारण त्याच्यावर कुणीतरी लक्ष ठेवून होतं, नोंदवही तपासणारा हेडक्लार्क होता, वर्षातून एकदा दप्तर तपासणी होती. ऑफिसातून कारकून गेले, स्टेनो गेल्या, प्रत्येकाच्या पुढ्यात कॉम्प्युटर आला आणि प्रत्येक जण स्वतःचाच कारकून झाला, पण ते काम त्याला शिकवलं कुणीच नाही. ते अ‍ॅलनने शिकवलं. नवीन शोध नसेल, पण ज्या माणसांना त्याची गरज पडली त्यांच्यापर्यंत ते पोचवणं हेही कामच आहे, आणि ते त्याने पस्तीस-चाळीस वर्षं न कंटाळता केलं. २०१४ ला बायकोबरोबर कॅलिफोर्निया सोडून अ‍ॅमस्टरडॅमला राहायला गेला, २०१५ ला पुस्तकाची सुधारित आवृत्ती काढली, पण मूळ सांगणं बदललं नाही.

आणि हे नुसतं ऐकीव नाहीये. २०११ मध्ये मॅसिकॅम्पो आणि बॉमायस्टर या दोघा मानसशास्त्रज्ञांनी प्रयोग केले, अपुरं राहिलेलं काम दुसरं काही करताना डोक्यात लुडबुड करत राहतं, पण ते कधी आणि कसं करणार याची नेमकी योजना केली तर ती लुडबुड थांबते, काम प्रत्यक्ष पूर्ण झालेलं नसलं तरीही. अ‍ॅलन हे त्याच्या कितीतरी आधी लोकांच्या टेबलाशेजारी बसून सांगत होता. डिग्री अर्धवट सोडलेल्या माणसाने निव्वळ निरीक्षणातून हे पकडलं याचं मला मनापासून कौतुक आहे.

नदीकाठ

डोक्यातली लुडबुड थांबली हे ठीक, पण कामं कमी झाली का? तू त्या प्रयोगाचाच अर्थ बघ, काम पूर्ण न होताही मन शांत होतं. बॉसला आणखी काय पाहिजे! ज्या माणसाने 'एवढं होणार नाही' म्हणून आवाज करायला हवा तो शांतपणे यादी लावत बसतो. माझ्या आधीच्या टीममध्ये हेच बघितलंय मी, सगळ्यात नीटनेटकी यादी असलेल्या मुलीकडेच सगळ्यांची कामं जायची कारण तिच्याकडून काही सुटत नाही. ती शेवटी आजारी पडली, मग सोडून गेली.

उंबरा

मधेच बोलते. इथे सगळे ऑफिसच्या कामाबद्दल बोलताय. घरातलं गॅस, दूधवाला, मुलाचा प्रोजेक्ट, सासूबाईंची औषधं, कुणाकडे बारसं आहे आणि आहेर काय द्यायचा, हे सगळं माझ्या डोक्यात असतं. मी अ‍ॅलनची पद्धत वापरून हे सगळं लिहून काढलं आणि फ्रिजवर लावलं. मला हलकं वाटलं हे कबूल, पण खरा फरक पडला तो दुसरीकडेच. ते कागद बघून नवरा म्हणाला, एवढं असतं? तोपर्यंत त्याला ते दिसतच नव्हतं. मग आम्ही प्रत्येक ओळीपुढे नाव घातलं. औषधं आता पूर्ण त्याच्याकडे आहेत, संपत आलीत हे लक्षात ठेवण्यापासून.

नदीकाठ म्हणतात तसं यादी करून माणूस गप्प बसतो हे मला नाही पटत. डोक्यात असलेल्या कामावरून भांडता येत नाही, कारण ते कुणाला दाखवता येत नाही. कागदावर आलं की भांडता येतं.

नदीकाठ

उंबरा, हा मुद्दा चांगला आहे आणि मी असा विचार केला नव्हता. पण मग यादी आपल्यापुरती ठेवून चालत नाही, ती चारचौघात टांगावी लागते. अ‍ॅलनची गाजलेली पद्धत एकट्याचीच आहे, माझी यादी, माझं मन शांत. टीमबद्दलचं पुस्तक त्याने एडवर्ड लॅमाँटबरोबर काढलं ते थेट २०२४ मध्ये, म्हणजे पहिल्या पुस्तकानंतर तेवीस वर्षांनी. एवढा वेळ का लागला हा प्रश्न त्याच्या चाहत्यांनी स्वतःला विचारावा असं मला वाटतं.

आडवाट

तो 'मूव्हमेंट ऑफ स्पिरिच्युअल इनर अवेअरनेस' या पंथाचा दीक्षित धर्मोपदेशक आहे हे कुणीच बोललं नाही? २००७ ला वायर्ड मासिकात त्याच्यावर मोठा लेख आला होता त्यात होतं हे. 'पाण्यासारखं मन' वगैरे भाषा ऐकली की मला अशा लोकांचा संशय येतो.

अर्धविराम

माहीत आहे, आणि तो ते लपवत नाही. पण पुस्तकात कुठे पंथाची वर्गणी मागितलीय का? पाण्याची उपमा त्याने कराटेतून घेतली, खडा जेवढा तेवढेच तरंग आणि मग परत शांत. पद्धत कामाला येते की नाही ते यादी करून तपासता येतं, त्यासाठी त्याच्या श्रद्धेवर विश्वास ठेवायची गरजच पडत नाही.

बारनिशी

तिसरी पाळी ताई, तुम्हाला एक विचारायचं होतं. तुमच्याकडे ड्युटी बदलताना पुढच्या सिस्टरला चार्ज देता तेव्हा तोंडी देता की लिहून? कारण माझ्या मते ते रजिस्टर म्हणजेच आमची नोंदवही. तुम्ही म्हणता ही पद्धत वॉर्डात चालत नाही, पण त्यातला महत्त्वाचा भाग तर तुम्ही रोज करताच.

तिसरी_पाळी

दोन्ही, काका. बेडजवळ उभं राहून तोंडी सांगतो आणि रजिस्टरमध्ये लिहितो, कुठला रिपोर्ट यायचाय, कुणाचं इंजेक्शन किती वाजता, कुणाला उपाशी ठेवायचंय. ते लिहिलं नाही तर घरी जाऊनही झोप लागत नाही, म्हणून अ‍ॅलन जे मनावरच्या ओझ्याचं सांगतो ते मला शंभर टक्के मान्य आहे. माझं म्हणणं वेगळं आहे. रजिस्टर मी कितीही नीट लिहिलं तरी रात्री तीस पेशंटना एकच सिस्टर असेल तर त्यातलं काही राहणारच, आणि राहिलं की सकाळी जाब तिलाच विचारला जातो, ड्युटी लावणाऱ्याला नाही. टाइम मॅनेजमेंटवर बोलणाऱ्या कुणीही, अ‍ॅलन असो की आमच्याकडे आलेले ते स्पीकर, एकदा तरी आमच्या मेट्रनसमोर बसून हा ड्युटी चार्ट उघडावा. मग मी नाइट करून आलेली असले तरी ऐकायला बसेन.