नाच की दहीहंडी?

जुना_रसिक: 'मुंबईच्या व्ही अनबीटेबल या नृत्यसंघाने भारतीय नृत्य जगात नेलं' ही पोस्ट वाचून डोकं फिरलं. २०१९ ला अमेरिकाज गॉट टॅलेंट या टीव्ही स्पर्धेत चौथे, २०२० ला तिच्याच चॅम्पियन्स पर्वात पहिले. कबूल. पण त्यात नाच कुठे होता? आधी झोपडपट्टीची रडवणारी चित्रफीत, मग पोरगं हवेत भिरकावायचं नि खाली झेलायचं, परीक्षक तोंडावर हात ठेवून उभे. दोन-तीन मिनिटांत भाव, ठहराव येणार कुठून? ही दहीहंडी झाली.

विरार_फास्ट: काका, एकदा आवाज बंद करून बघा. इतकी पोरं एका मात्रेवर थांबतात, ते तालाशिवाय? आमच्याच पट्ट्यातल्या किंग्ज युनायटेड या संघाने २०१९ ला वर्ल्ड ऑफ डान्स ही अमेरिकी टीव्ही स्पर्धा जिंकली. परीक्षकांत डेरेक हफ होता, बॉलरूम म्हणजे जोडीनृत्यात हयात गेलेला माणूस. त्याला कळत नाही आणि तुम्हाला कळतं?

तोडा_तुकडा: मी कथक शिकवते. पालक पहिल्याच दिवशी विचारतात, 'फ्लिप कधी शिकवणार?' ततकार, म्हणजे पायांचे मूळ बोल, करून घेतला की महिन्याभरात पोर गायब. हे टीव्हीनंच केलंय.

विरार_फास्ट: फी बघून गायब झाली असतील. आम्ही मोकळ्या मैदानात शिकलो, गाद्यासुद्धा नव्हत्या.

थर_नववा: दहीहंडी ही शिवी कधीपासून झाली हो? थर लावायलाही ताल लागतो. आणि २०२२ पासून सरकारदरबारी तो साहसी खेळ आहे, गोविंदा गेला तर घरच्यांना दहा लाख. या नाचणाऱ्यांना कोण देतं? व्ही अनबीटेबलमधला 'व्ही' म्हणजे विकास, सरावात जायबंदी होऊन गेलेला त्यांचा साथीदार. त्यावर बोला.

तोडा_तुकडा: मग गादीशिवाय शिकल्याची फुशारकी कसली मारता?

जुना_रसिक: साहसी खेळ म्हणे! नेत्यांचे फलक, डीजे, बंद रस्ते. आमच्या आईची रुग्णवाहिका हंडीपायी चौकात अडकून पडली होती. थरांच्या उंचीला वीस फुटांची मर्यादा यावी म्हणून २०१४ ला कोर्टात जावं लागलं ते उगाच नाही.

थर_नववा: रस्ता मंडप अडवतो, थर नाही. आणि चौदाच्या आतलं पोर आम्ही वर चढवत नाही. टीव्हीवाले?

विरार_फास्ट: कुठून कुठे चाललाय धागा! प्रश्न नाचाचा होता.

तोडा_तुकडा: प्रश्न वाहिनीचा आहे. तिला पडण्याची भीती विकायची असते, तालाची सम, म्हणजे पहिली मात्रा, नाही. पोरं तयारीची आहेत, हे मी नाकारत नाही. पण त्यांना कुणी एकदा तरी सावकाश नाचायला सांगितलं का?

विरार_फास्ट: सांगितलं असतं तर तुम्ही मत दिलं असतं?

तोडा_तुकडा: ...मी मत देतच नाही.

जुना_रसिक: बरं बाबांनो, नाच तर नाच. पण आमच्या सोसायटीच्या गणपतीत कुणी पोरगं उलटं उडवलं, तर लेखी तक्रार करणार.

विरार_फास्ट: सेक्रेटरी आहात होय! आधी सांगायचं ना.