मदत हवी आहे: फिरणाऱ्या 'मिती-चक्रा'चा कंट्रोलर रिसेट होतोय

एकांकिकेसाठी दोन मितींमध्ये ऊर्जा वाहून नेणारं काल्पनिक प्राचीन यंत्र बनवतोय. ९० सेंमी व्यासाचं एमडीएफचं (दाबलेल्या लाकडी भुशाच्या फळीचं) कडं, त्यावर ब्राह्मी अक्षरं (मोडी सुचवू नका, ती फारच अलीकडची), आत डब्ल्यूएस२८१२बी पट्टी (प्रत्येक दिवा वेगळा चालवता येणारी ५ व्होल्टची एलईडी पट्टी), मीटरला ६० प्रमाणे साधारण १७० एलईडी. पूर्ण पांढऱ्यावर हिशेब १० अँपिअरचा होतो, म्हणून ब्राइटनेस ४० टक्क्यांवर बांधलाय. शेवटाकडे पांढरा पिवळट पडायचा. पट्टीला दोन्ही टोकांना ५ व्होल्ट दिल्यावर ते थांबलं.

अडचण फिरवल्यावर येते. स्लिप रिंगमधून (फिरत्या भागाला ब्रशांमार्फत वीज देणारा जोड) १२ व्होल्ट वर जातो, कड्यावरच्या बक कन्व्हर्टरने (व्होल्टेज कमी करणारं सर्किट) ५ होतो, ईएसपी३२ हा कंट्रोलरही वरच आहे. कडं स्थिर असताना सगळं सुरळीत. मिनिटाला १० फेऱ्यांवर मध्येच रिसेट. ब्रश क्षणभर संपर्क सोडत असावेत. स्लिप रिंगची प्रत्येक वायर २ अँपिअरची, धन-ऋणाला दोन-दोन जोडल्यात.

कन्व्हर्टरच्या आधी २२०० मायक्रोफॅरडचा कपॅसिटर पुरेल, की ईएसपी३२ला डायोडमागे वेगळा कपॅसिटर द्यावा? की सरळ १२ व्होल्टची डब्ल्यूएस२८१५ पट्टी घ्यावी? ती घेतली तर कन्व्हर्टरवर फक्त कंट्रोलरचा भार उरेल, पण कोरलेली खाच १० मिमीचीच आहे. बॅटरी कड्यावर नको, तोल जातो.