१९७१ च्या युद्धामागचं राजकारण मराठीत कुठे वाचायला मिळेल?

नमस्कार मंडळी, मदत हवी आहे. आम्ही नौपाड्यात राहतो. बाबांना (वय ७८) रोज रात्री श्रीनाथ राघवन यांचं बांगलादेश युद्धावरचं २०१३ चं इंग्रजी पुस्तक मराठीत सांगतोय. राघवन आधी सैन्यात अधिकारी होते, लिहितात छान. पण बांगलादेश होणं अटळ नव्हतं, हे त्यांचं म्हणणं बाबांना अजिबात पटत नाही! खिडक्यांना काळे कागद चिकटवलेला तो डिसेंबर त्यांनी पाहिलाय ना. मी अडखळतो ते आधीच्या महिन्यांत: जुलैत अमेरिकी राष्ट्राध्यक्षांचे सल्लागार किसिंजर गुपचूप चीनला, लगेच ९ ऑगस्टला आपला सोव्हिएत रशियाशी करार. हे सोप्या मराठीत मांडणारं पुस्तक किंवा लेख सुचवाल का? ठाण्यातल्या वाचनालयात मिळणारं असेल तर उत्तमच. अक्षर मात्र मोठं हवं.