हल्ला पडद्यावर का नाही?

जपानी दिग्दर्शक मिझोगुचीच्या '४७ रोनिन' (१९४१-४२) या चित्रपटात रोनिन, म्हणजे धनी गमावलेले सामुराई, धनी आसानोच्या मृत्यूचा सूड म्हणून किरा या दरबारी अधिकाऱ्यावर हल्ला करतात. तो हल्लाच दाखवला नाही, ही तक्रार समजते. पण तो जाणीवपूर्वक वगळलाय. आसानोच्या विधवेसमोर पत्र वाचलं जातं, त्यातूनच किराच्या वधाची बातमी कळते. खरा पेच त्याआधीचा आहे. रोनिनांचा म्होरक्या ओइशीने धन्याच्या भावाला घराणं परत मिळावं म्हणून अर्ज केलेला असतो. तो मंजूर झाला असता तर सूड घेणंच अशक्य! हा धागा सुटला की ओइशीचं थांबणं नुसता वेळकाढूपणा वाटतं. दोन्ही भाग मिळून सुमारे पावणेचार तास होतात, क्रमानेच बघा. सुरुवातीला आसानो किरावर वार करतो तो किल्ल्यातला कॉरिडॉर नीट पाहा, सेट मूळ मापाचा उभारला होता. फार देखणा आहे तो.