विसंगतीमुळे वास्तव अस्थिर होते का? एका काल्पनिक सिद्धान्तावर चर्चा

मूळ मांडणी

सिद्धान्त काल्पनिक आहे, पण त्यावर कठोर टीका व्हावी अशी माझी मनापासून इच्छा आहे. एकाच घटनेच्या दोन नोंदी भौतिक स्वरूपात अस्तित्वात असतील आणि त्यांचा मेळ कोणत्याही नियमाने बसत नसेल, तर तेवढ्या भागातले वास्तव अस्थिर होते, म्हणजेच तिथले निसर्गनियम सैल पडतात, असे तो सांगतो. भौतिकशास्त्रज्ञ युजीन विग्नर यांचा १९६१ सालचा विचारप्रयोग पाहा. बंद प्रयोगशाळेतल्या मित्राला मोजमापाचे निश्चित उत्तर मिळालेले असते, परंतु बाहेरच्या निरीक्षकाच्या गणितात तो मित्र आणि त्याने मोजलेला कण हे दोघेही अजून सुपरपोझिशनमध्येच, म्हणजे अनेक शक्य अवस्था एकत्र असलेल्या स्थितीतच, असतात. दोघेही क्वांटम नियम पाळत आहेत. या तफावतीचा भार निसर्गावर पडत असलाच पाहिजे, असे मला वाटते.

पहिले विरोधी मत

विसंगती विधानांमध्ये असते, वस्तूंमध्ये नसते. तुमच्या मांडणीत हा भेदच पुसला गेला आहे. भौतिकशास्त्रज्ञ नील्स बोर यांच्या १९१३ सालच्या अणूच्या प्रारूपात इलेक्ट्रॉन ठरावीक कक्षेत ऊर्जा न गमावता फिरतो, पण ती कक्षा काढण्यासाठी ज्या अभिजात, म्हणजे क्वांटमपूर्व, भौतिकीचा आधार घेतला आहे, तिच्याच नियमांप्रमाणे त्या इलेक्ट्रॉनने प्रकाश उत्सर्जित करत सेकंदाच्या एक अब्जांशापेक्षाही कमी वेळात केंद्रकावर कोसळायला हवे. इतकी उघड विसंगती पोटात असूनही त्या प्रारूपाने हायड्रोजनच्या वर्णपटातल्या रेषांचा हिशेब बरोबर दिला. हायड्रोजनला मात्र काहीच झाले नाही. पुढे १९२५-२६ मध्ये बदलावा लागला तो आपला सिद्धान्त.

मांडणीकाराचे उत्तर

हे उदाहरण उत्तम आहे, पण ते सिद्धान्तातल्या विसंगतीचे आहे. मी प्रत्यक्ष नोंदींबद्दल बोलतो आहे.

दुसरे विरोधी मत

मग नोंदींचेच उदाहरण घेऊ. जीपीएस उपग्रहांवरील घड्याळे, दुरुस्ती केली नाही तर, जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. दोन्ही नोंदी खऱ्या आहेत, आणि सापेक्षतावाद त्यांचा मेळ घालतो. असा नियम सापडला की तुम्ही ते उदाहरण आपल्या सिद्धान्ताच्या कक्षेबाहेर काढणार, आणि न सापडल्यास अस्थिरतेचा पुरावा म्हणून दाखवणार. मग आपले अज्ञान आणि निसर्गातला बिघाड यांतला फरक ओळखायचा कसा? विग्नर यांच्या प्रयोगातही बाहेरच्या निरीक्षकाच्या हाती गणित आहे, दुसरी नोंद नाही.

त्याहून मोठी अडचण तर्कशास्त्राची आहे. अभिजात तर्कशास्त्रात एक विसंगती खरी मानली की वाटेल ते विधान सिद्ध होते, त्यामुळे 'थोडेसे अस्थिर' किंवा 'तेवढ्याच भागात अस्थिर' या म्हणण्याला तिथे जागाच उरत नाही. विसंगती एका जागी रोखून धरणारी तर्कशास्त्रे आहेत, आणि ब्राझीलचे तर्कशास्त्रज्ञ न्यूटन दा कोस्ता यांनी १९६० च्या दशकात त्यांची पद्धतशीर उभारणीही केली. परंतु त्यांतले कोणते तुम्ही स्वीकारता हे सांगितल्याशिवाय तुमचा सिद्धान्त अजून सुरूच झालेला नाही.

मांडणीकाराचे उत्तर

तर्कशास्त्राचा आक्षेप मला मान्य आहे, आणि दा कोस्ता यांच्याच वाटेने जावे लागेल असे दिसते. दुसरी नोंद नाही, हे मात्र मला पटत नाही. निरीक्षकाने संपूर्ण प्रयोगशाळेवर व्यतिकरणाचे, म्हणजे सुपरपोझिशनमधल्या अवस्थांच्या एकमेकींवरच्या परिणामाचे, मोजमाप केले, तर त्याचा निकाल ही नोंदच असेल. त्या क्षणी मित्राच्या वहीतल्या उत्तराचे काय होते, याचे सर्वमान्य उत्तर आजही नाही.

पहिले विरोधी मत

त्या मोजमापाचा निकाल काय येईल याबाबत तुमच्या सिद्धान्ताचे भाकीत क्वांटम यांत्रिकीपेक्षा किती वेगळे आहे, तो आकडा द्या. मी तो तपासायला तयार आहे.