भाचीच्या ग्राफिंग कॅल्क्युलेटरवर गेम टाकायचे आहेत, सल्ला हवा (नागपूर, बजेट ५०० रुपये)

नंदनवनचा_मामा
नमस्कार मंडळी. बहीण दुबईला असते, भाची सुट्टीत आजोळी आली आहे. तिचं आयबी (आंतरराष्ट्रीय शालेय अभ्यासक्रम) सुरू होतंय म्हणून शाळेने टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सचा टीआय-८४ प्लस सीई घ्यायला लावला. रंगीत स्क्रीन, आलेख काढतो वगैरे. वर्गातल्या पोरांच्या कॅल्क्युलेटरवर गेम आहेत, हिच्यावर नाहीत. आणि मामाला कॉम्प्युटरमधलं सगळं कळतं असा तिचा समज आहे.
मूळ केबल दुबईला राहिली. घरातल्या जुन्या स्पीकरची केबल त्यात बसते, लावली की चार्जिंगचा दिवा लागतो, पण कॉम्प्युटरला काहीच दिसत नाही. फाइल पाठवायचं टीआय कनेक्ट सीई सॉफ्टवेअर उतरवून घेतलं आहे, विंडोज आहे. बजेट फक्त ५०० रुपये. नवीन काहीही घ्यायचं नाही, कृपया सुचवू नका. आणि कॅल्क्युलेटर बंद पडायला नको, नाहीतर ताई मला बंद पाडेल.

पाच_नंबरचा_चष्मा
कॅसिओ एफएक्स-सीजी५० घ्या. माझ्याकडे आहे. कॉम्प्युटरला लावला की पेनड्राइव्हसारखा उघडतो, डॉट जी३ए फाइल आत टाकायची, मेनूत चित्र येतं, झालं काम. ड्रायव्हर नको, वेगळं सॉफ्टवेअर नको. स्क्रीन ३८४ बाय २१६, तुमच्या टीआयची ३२० बाय २४०. आता कोणी म्हणेल पिक्सेल जवळपास सारखेच, पण बघायला कॅसिओच छान वाटतो.

नंदनवनचा_मामा
भाऊ, वर लिहिलं आहे ना, नवीन घ्यायचं नाही. त्याची किंमत पाच आकडी आहे.

पाच_नंबरचा_चष्मा
एकदाच घ्यायचा असतो.

तर्रीवाला
पाच आकडी कॅल्क्युलेटर! तेवढ्यात अख्ख्या वस्तीला वर्षभर तर्री-पोहे होतात बे.

जुना_व्हीआरसीईकर
आम्ही शिकलो तेव्हा व्हीएनआयटी या इंजिनिअरिंग कॉलेजचं नाव अजून व्हीआरसीई होतं. माझ्याकडे एचपी ४८जी होता, काकांनी बाहेरून आणलेला. मेमरी ३२ केबी. इन्फ्रारेड होतं त्यात! दोन कॅल्क्युलेटर बाकावर समोरासमोर ठेवायचे आणि प्रोग्राम हवेतून इकडून तिकडे. केबलची भानगडच नाही. त्याच्या आरपीएन पद्धतीत आधी आकडे, मग क्रिया, बरोबरचं बटणच नसायचं, त्यामुळे कोणी उसना मागितला तरी दोन मिनिटांत परत आणून द्यायचा. आजच्या पोरांना ही मजा कळणार नाही. अजून चालू आहे, विकणार नाही, विचारू नये.

अनघा_धरमपेठ
व्हीआरसीईकर काका, तुमचा एचपी या संस्थळावरच्या प्रत्येक धाग्यात येतो. मिक्सरच्या धाग्यातही आला होता.
मामा, केबलचं सांगते. सीईला मिनी-यूएसबी लागते, मायक्रो नाही, सी नाही. जुने डिजिटल कॅमेरे, जुन्या बाहेरच्या हार्ड डिस्क, कार्ड रीडर यांना यायची ती. तुमची स्पीकरची केबल फक्त चार्जिंगची असणार, आत डेटाच्या तारा नसतात. म्हणून दिवा लागतो आणि कॉम्प्युटर गप्प. बर्डीला मोदी नंबरच्या गल्ल्यांत 'मिनी-यूएसबी डेटा केबल' असं स्पष्ट म्हणून मागा. नुसती 'जुनी यूएसबी' म्हटलं तर हमखास मायक्रो हातात देतात.

रात्रपाळी
+१. मिनी-यूएसबी डेटा केबल घ्या, चार्जिंगची नको.

कुंभारटोळी_८८
केबल चार्जिंगची असेल बघा. डेटावाली घ्या. मी ऑनलाइन मागवली तर फोटोत मिनी आणि खोक्यात मायक्रो. परत केली, पुन्हा मायक्रोच आली. तेव्हापासून केबल म्हटलं की दुकानात जाऊन, हातात घेऊन, तोंड बघूनच घेतो.

सदरची_सर
मी गणित शिकवतो. स्पष्ट लिहितो, राग मानू नये. मुलीला अभ्यासासाठी दिलेल्या यंत्रावर गेम टाकायला मामानेच मदत करायची? आमच्या वेळी लॉग टेबल होतं. सीबीएसई बोर्डाच्या गणिताच्या परीक्षेत आजही कॅल्क्युलेटर चालत नाही, जेईईत नाही, आणि मुलं जेईई काढतातच.

अनघा_धरमपेठ
सर, आयबीत ग्राफिंग कॅल्क्युलेटर लागतोच. काही पेपर त्याच्याशिवाय सोडवायचे, काही त्याच्यासकट. इथला नियम तिथे कसा लावणार?

गेटकर
गेट परीक्षेतही स्वतःचा चालत नाही, स्क्रीनवरच कॅल्क्युलेटर देतात आणि माउसने एकेक आकडा दाबत बसा. डिजिटल सॅटमध्ये तर डेस्मॉस हा ग्राफिंग कॅल्क्युलेटर आतच आहे. मग हे टीआय लोक अजून विकतात कशाला?

पाच_नंबरचा_चष्मा
कारण लोक कॅसिओ घेत नाहीत.

वाय_बाय_एक्स
कोणीतरी मूळ प्रश्नाचं उत्तर द्या राव. मीच देतो.
मामा, आधी सेकंड दाबून प्लसचं बटण दाबा, मेमरीचा मेनू येईल. त्यात पहिलंच 'अबाउट' आहे, तिथे ओएसचा, म्हणजे कॅल्क्युलेटरच्या मूळ सॉफ्टवेअरचा, आकडा दिसेल. सगळं त्या आकड्यावर आहे. सीईवरचे चांगले, वेगवान गेम असेंब्ली किंवा सी या प्रोग्रामिंगच्या भाषांत लिहिलेले असतात. कंपनीने २०२० मध्ये, ५.५.१ पासून, असे प्रोग्राम चालवणंच बंद केलं. आकडा त्याच्या खालचा असेल तर नशीबवान आहात, चुकूनही अपडेट करू नका, मागे यायला सरळ रस्ता नाही. वरचा असेल तर आर्टिफिस नावाची युक्ती आहे. तिची फाइल कॅल्क्युलेटरवर पाठवायची, मग कॅब्री ज्युनिअर हे भूमितीचं ॲप उघडून त्यातून ती फाइल उघडायची. त्या ॲपमधल्या एका फटीतून असेंब्लीचा दरवाजा परत उघडतो. त्यानंतर सीझियम नावाचं शेल टाकलं की गेम नीट यादीत दिसतात.
बहुतेक गेमना 'सी लायब्ररीज'ची वेगळी फाइल लागते. ती नसेल तर गेम उघडताना एरर येते आणि लोकांना वाटतं गेमच खराब आहे. गेम टीआयकॅल्क किंवा सेमेटेक या संस्थळांवरूनच घ्या. डॉट ८एक्सपी फाइल टीआय कनेक्टच्या खिडकीत ओढून टाकायची. रॅममध्ये ठेवू नका, अर्काइव्हमध्ये टाका. एखादा गेम अडकला की रॅम पुसली जाते, अर्काइव्ह वाचतं. वापरायला रॅम १५४ केबी, अर्काइव्ह ३ एमबी.

रात्रपाळी
वाचनखूण साठवली. (माझ्याकडे असा कॅल्क्युलेटर नाही.)

नंदनवनचा_मामा
वाय_बाय_एक्स, फार आभार. ५.८.० आहे. म्हणजे वरचाच.

वाय_बाय_एक्स
मग आर्टिफिस. घाबरू नका, ओएसला हात लागत नाही. रिसेट मारला की मूळ अवस्था.

कुंभारटोळी_८८
पण कंपनी केस करत नाही ना? मागे केली होती म्हणतात.

वाय_बाय_एक्स
ते वेगळं प्रकरण, २००९ चं. टीआय-८३ प्लसची ओएस कंपनीचीच आहे हे पटवणाऱ्या डिजिटल सहीची किल्ली ५१२ बिटांची होती. एका हौशी माणसाने घरच्या कॉम्प्युटरवर दोन-अडीच महिने गणित चालवून तिचे अवयव पाडले आणि किल्ली जाहीर केली. कंपनीने नोटिसा पाठवल्या, ईएफएफ ही डिजिटल हक्कांची संस्था हौशी मंडळींच्या बाजूने उभी राहिली. किल्ली आजही जालावर आहे. स्वतःच्या कॅल्क्युलेटरवर गेम टाकणाऱ्या मुलीशी त्याचा संबंध नाही.

सदरची_सर
अवयव पाडणे हा मात्र चांगला विषय आहे. ५१२ बिट म्हणजे साधारण १५५ अंकी संख्या. आठवीच्या मुलांना वर्गात सांगावं असं.

जुना_व्हीआरसीईकर
एचपीला अशी सहीबिही लागत नव्हती.

इतवारीचा_शेठ
मी धाग्यावर उशिरा आलो. केबल डेटावाली आहे का बघा आधी. चार्जिंगवाल्याने होत नाही.
आणि सेलवाला कॅल्क्युलेटर असेल तर सेल काढून ठेवा. माझा जुना टीआय-८४ प्लस कपाटात होता, चार बारके सेल आत. नागपूरचा मे महिना, वरच्या मजल्यावरची पत्र्याची खोली. सेल गळले, पट्ट्या हिरव्या पडल्या. लिंबू लावून घासलं तेव्हा कुठे चालू झाला.

अनघा_धरमपेठ
शेठ, सीईत सेल नसतात, आत चार्जिंगची बॅटरी आहे.

इतवारीचा_शेठ
बॅटरी पण गळते.

पाच_नंबरचा_चष्मा
बॅटरी मेली तर नवीन शोधत फिरा. सीजी५० ला चार बारके सेल, कुठल्याही किराणा दुकानात मिळतात. हा मुद्दा कोणी काढलाच नाही.

गेटकर
मामा, कॅल्क्युलेटरला हात न लावता कॉम्प्युटरवर सीईमू टाका ना. हुबेहूब सीई, खिडकीत चालतो. काय बिघडायचं ते तिथे बिघडेल.

वाय_बाय_एक्स
त्याला स्वतःच्या कॅल्क्युलेटरमधून रॉम (आतल्या सॉफ्टवेअरची प्रत) काढावी लागते. म्हणजे परत केबल. आणि पोरीला गेम खिशात हवाय, टेबलावर नको.

तर्रीवाला
फोनवर खेळू द्या ना बाप्पा. सगळं फुकट आहे फोनवर. काऊन इतकी माथेफोड करून राह्यले तुम्ही लोक?

रात्रपाळी
फोनवर कोणीही खेळतं. कॅल्क्युलेटरवर खेळताना अभ्यास चालू आहे असं दिसतं, खरी किंमत त्याची आहे.

सदरची_सर
हेच मी म्हणत होतो.

अनघा_धरमपेठ
मामा, एक गोष्ट कोणी बोललं नाही. परीक्षेआधी प्रेस-टू-टेस्ट हा परीक्षेचा मोड लावायला लावतात, त्यात असले प्रोग्राम बंद होतात. काही शिक्षक सरळ रिसेट मारतात. ताईंना आधीच सांगून ठेवा, नाहीतर परीक्षेच्या आदल्या दिवशी गेम गेले म्हणून रडारड, आणि फोन तुम्हालाच येईल.

नंदनवनचा_मामा
सगळ्यांचे आभार. काय ठरलं ते सांगतो.
काल पाऊस थांबल्यावर बर्डीला गेलो. दोन दुकानांत मायक्रो दाखवली, तिसऱ्यात मिनी मिळाली पण डेटावाली आहे का हे दुकानदारालाच माहीत नव्हतं. लावून बघतो म्हटलं तर म्हणाला, आधी घ्या मग लावा. नाही घेतली.
घरी आलो तर भाची म्हणाली, शाळेचा मेल आलाय, सुट्टी संपवून येताना ओएस सगळ्यात नवीन करून आणा. म्हणजे आर्टिफिस टाकायचं, दुबईला जाऊन अपडेट करायचं, पुढच्या ओएसमध्ये ते चालेल की नाही देव जाणे. तर आर्टिफिस नाही, केबल नाही, सीईमू नाही, कॅसिओ तर नाहीच. पीआरजीएम बटण दाबून कॅल्क्युलेटरवरच टीआय-बेसिक या त्याच्या स्वतःच्या भाषेत गेम लिहितोय. ते कुठल्याही ओएसवर चालतं, परवानगी लागत नाही. आधी १ ते १०० मधला आकडा ओळखायचा गेम केला, रँडइंट ही कुठलाही आकडा काढून देणारी आज्ञा वापरून. आता सापाचा चालू आहे. कुठलं बटण दाबलं ते सांगणाऱ्या गेटकी आज्ञेला डावा बाण २४, वरचा २५, उजवा २६, खालचा ३४. स्क्रीनवर १० ओळी आणि २६ रकाने, तेवढ्यात साप फिरतो. टायपिंग ती करते, मी वाचून दाखवतो. रिसेट मारलाच कोणी तर वहीत लिहून ठेवलं आहे.

वाय_बाय_एक्स
बेसिकचा साप फार हळू असतो हो. दोन फळं खाल्ली की प्रत्येक पावलाला विचार करतो. आर्टिफिस वीस मिनिटांचं काम होतं.

नंदनवनचा_मामा
हळू आहे. पण आजोबांना तोच जमतो, त्यांचा स्कोअर सध्या घरात सगळ्यात जास्त आहे.

गेटकर
शेपटीच्या जागा लिस्टमध्ये ठेवताय का? दर पावलाला अख्खी लिस्ट सरकवू नका, डोक्याचा आणि शेपटीचा क्रमांक वेगळा ठेवा आणि लिस्टमध्ये गोल फिरत राहा. बराच फरक पडतो.

नंदनवनचा_मामा
हे कामाचं आहे. रात्री करून बघतो.

कुंभारटोळी_८८
पण केबल घेतली नाही तर चार्जिंग कसं करणार?

अनघा_धरमपेठ
स्पीकरवाल्या केबलने. पहिली पोस्ट वाचा ना भाऊ.

जुना_व्हीआरसीईकर
एचपीवर साप मी स्वतः लिहिला होता. पूर्ण आरपीएल या एचपीच्या भाषेत. कोड शोधून टाकतो.

पाच_नंबरचा_चष्मा
माझा सीजी५० विकायचा आहे, खोक्यासकट, केबल मिनी-यूएसबी डेटावाली सोबत. प्रतापनगर. कोणाला हवा असल्यास व्यनि करा.

नंदनवनचा_मामा
नुसती केबल विकता का?